विसरायला शिकवणारी अकादमी असती तर? कल्पनेतली शाळा आणि विस्मरणाचं खरं विज्ञान

परीक्षेच्या हॉलमधून बाहेर पडलं की तासभर न आठवलेलं उत्तर पायऱ्या उतरताना झटकन आठवतं. बँकेच्या रांगेत उभं असताना पिन आठवत नाही. पण दहा वर्षांपूर्वी कुणीतरी चारचौघांत केलेला अपमान मात्र रात्री दोन वाजता, न बोलावता, शब्दन् शब्द आठवतो.

आपल्या शाळा लक्षात ठेवायला शिकवतात. पाढे, सनावळ्या, व्याख्या, सूत्रं, पाठांतर. मग विसरायला शिकवणारी शाळा का नाही? जिथे प्रवेश घ्यावा, तीन वर्षं अभ्यास करावा आणि नको असलेली एखादी आठवण पुसूनच बाहेर पडावं.

कल्पना फँटसी कादंबरीतली वाटते. पण हा प्रश्न माणसाने किमान दोन हजार वर्षांपूर्वी विचारला आहे. लेखकांनी त्याभोवती गोष्टी रचल्या, मानसशास्त्रज्ञांनी प्रयोग केले, न्यायालयांनी निकाल दिले. या काल्पनिक अकादमीत काय शिकवलं गेलं असतं, आणि त्यातलं खरोखर शक्य काय आहे, ते पाहू.

विसरण्याची कला पहिल्यांदा कुणी मागितली?

रोमन वक्ता सिसेरो याने इसवी सनापूर्वी ५५ मध्ये वक्तृत्वकलेवर लिहिलेल्या ग्रंथात दोन गोष्टी सांगितल्या आहेत.

पहिली ग्रीक कवी सिमोनिडीसची. तो एका मेजवानीतून बाहेर आला आणि मागे छत कोसळलं. आत असलेल्यांचे देह ओळखू येत नव्हते. पण कोण कुठे बसलं होतं, हे सिमोनिडीसच्या डोळ्यांसमोर होतं. त्यावरून त्याने प्रत्येकाची ओळख पटवली. यातूनच स्मरणकलेचा जन्म झाला, असं परंपरा मानते. ओळखीच्या इमारतीतल्या एकेका जागी एकेक गोष्ट ‘ठेवायची’ आणि मनातल्या मनात तिथून फेरफटका मारत ती उचलायची, ही पद्धत स्मरणशक्तीच्या स्पर्धांमधले खेळाडू आजही वापरतात.

दुसरी गोष्ट अथेन्सचा सेनानी थेमिस्टोक्लीस याची. एका विद्वानाने त्याला स्मरणकला शिकवायची तयारी दाखवली. थेमिस्टोक्लीस म्हणाला, की त्यापेक्षा मला हवं ते विसरायला शिकवलंत तर जास्त उपकार होतील.

ज्या अथेन्सला त्याने सालामिसच्या लढाईत वाचवलं, त्याच अथेन्सने त्याला पुढे हद्दपार केलं. हे लक्षात घेतलं की त्याच्या मागणीत फक्त थट्टा वाटत नाही.

अशी अकादमी खरोखर कुणी कल्पिली आहे का?

हो, आणि तीही गंमत म्हणून.

इटालियन लेखक आणि चिन्हशास्त्राचे अभ्यासक उंबेर्तो एको आपल्या मित्रांसोबत एक खेळ खेळत. अस्तित्वात नसलेल्या विषयांसाठी विद्यापीठात अध्यापकपदं काढायची. ‘विस्मरणकला’ हा त्यातलाच एक विषय. एकोंच्या ‘फूकोज पेंड्युलम’ या कादंबरीतही अशा निरुपयोगी आणि अशक्य विषयांची एक संस्था आहे. तिथे सूप कापण्याची कलासुद्धा शिकवायची योजना असते.

पण एकोंनी गमतीतला हा प्रश्न पुढे गंभीरपणे घेतला. १९८८ मध्ये इंग्रजीत प्रसिद्ध झालेल्या एका निबंधात त्यांनी विचारलं, की विस्मरणकला खरंच शिकवता येईल का?

त्यांचं उत्तर होतं, नाही. स्मरणकला चिन्हांवर चालते. चिन्हाचं काम एकच, जे समोर नाही ते मनात आणणं. ‘वाघ’ हा शब्द वाघ नसतानाही वाघ समोर उभा करतो. मग ‘वाघ विसरा’ असं सांगणारं चिन्ह बनवलं, तर त्यातही वाघ आलाच. म्हणजे ज्या साधनाने आपण आठवतो, त्याच साधनाने पुसता येत नाही.

मग आपण विसरतो तरी कसं? एकोंच्या मते, जागा रिकामी करून नव्हे, तर गर्दी वाढवून. एका आठवणीवर दुसरी, तिच्यावर तिसरी असे थर चढत जातात. शेवटी कोणती कुठली हेच कळेनासं होतं.

एको प्रयोगशाळेत काम करणारे नव्हते. पण त्यांचं हे म्हणणं मानसशास्त्रातल्या प्रयोगांशी बऱ्याच ठिकाणी जुळतं.

आपण किती वेगाने विसरतो?

अकादमीच्या पहिल्या वर्गात फळ्यावर एकच नाव असतं, हर्मन एबिंगहाउस.

विस्मरण मोजता येतं, हे या जर्मन मानसशास्त्रज्ञाने दाखवलं. त्यांचे प्रयोग १८८५ मध्ये पुस्तकरूपाने आले. या प्रयोगांत ते स्वतःच संशोधक होते आणि स्वतःच विद्यार्थी. पाठ करायला त्यांनी अर्थ नसलेली अक्षरं निवडली. कविता किंवा गोष्ट घेतली असती, तर तिचा अर्थच आठवायला मदत करून गेला असता. त्यांनी अशा सुमारे २,३०० निरर्थक अक्षरगटांचा साठा केला, त्यांच्या याद्या पाठ केल्या आणि ठराविक वेळाने त्याच याद्या पुन्हा पाठ करायला किती कमी मेहनत लागते ते मोजलं.

सुमारे २० मिनिटांनी पुन्हा पाठ करताना मूळ मेहनतीपैकी ५८ टक्के वाचत होती. तासाभराने ४४ टक्के, एका दिवसाने सुमारे ३४ टक्के. महिन्याभराने मात्र २१ टक्के.

हे आकडे नीट पाहा. पहिल्या तासातच अर्ध्याहून जास्त गेलं, पण एका दिवसानंतर महिना उलटेपर्यंत फार थोडंच गेलं. विस्मरण एकसारख्या वेगाने होत नाही. सुरुवातीला कडा असतो, नंतर पठार. परीक्षेच्या आदल्या रात्री केलेलं पाठांतर का टिकत नाही आणि थोड्या थोड्या दिवसांनी केलेली उजळणी का टिकते, ते यावरून समजतं.

विसरणं म्हणजे झिजणं की गर्दी?

पूर्वी असं वाटायचं, की आठवण काळानुसार झिजते, जुन्या रुपयावरच्या छापासारखी. १९२४ मध्ये अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठात जॉन जेंकिन्स आणि कार्ल डॅलेनबाख यांनी हे तपासलं. दोन विद्यार्थ्यांनी निरर्थक अक्षरं पाठ केली. पुढचे काही तास कधी झोपेत घालवले, तर कधी जागे राहून नेहमीची कामं करत.

वेळ तेवढाच गेला होता, पण झोपेनंतर त्यांना जास्त आठवलं. म्हणजे नुसता काळ आठवण खात नाही. त्या काळात जे नवं घडतं, तेही जुन्यावर चढतं. मानसशास्त्रात याला हस्तक्षेप म्हणतात. झोप आठवणी पक्क्या करायलाही मदत करते, हे नंतरच्या संशोधनातून पुढे आलं. पण गर्दीचा मुद्दा आजही टिकून आहे.

नवा मोबाइल नंबर घेतल्यावर जुना हळूहळू आठवेनासा होतो. रोज गाडी लावायच्या पार्किंगमध्ये ‘आज कुठे लावली’ हे नेमकं सुचत नाही, कारण काल, परवा, तेरवा लावलेल्या जागा आड येतात. एकोंचे थर म्हणजे हेच.

ज्यांना विसरताच येत नाही, त्यांचं काय?

अकादमीतल्या विद्यार्थ्यांना हा वर्ग सगळ्यात अवघड जाईल. इथे दोन माणसं भेटतात, एक कथेतला आणि एक खरा.

कथेतला आहे इरेनिओ फुनेस. अर्जेंटिनाचे लेखक होर्हे लुइस बोर्हेस यांच्या १९४२ च्या कथेतला तरुण. घोड्यावरून पडल्यावर त्याला सगळं आठवू लागतं. एक अख्खा दिवस आठवायला त्याला अख्खा दिवस लागतो. एकाच कुत्र्याला मिनिटाभराच्या अंतराने वेगळ्या कोनातून पाहिल्यावर दोन्ही वेळा एकच नाव का द्यायचं, हे त्याला पटत नाही. कथेचा निवेदक शेवटी सुचवतो, की फुनेसला फारसा विचार करता येत नसावा. विचार करायचा तर फरक बाजूला ठेवावे लागतात, म्हणजेच काही गोष्टी विसराव्या लागतात.

खरा आहे सोलोमन शेरेशेव्हस्की. मॉस्कोत वार्ताहर म्हणून काम करणारा हा माणूस बैठकीत काहीच लिहून घ्यायचा नाही, कारण त्याला सगळं तसंच आठवायचं. मानसशास्त्रज्ञ अलेक्झांडर लुरिया यांनी १९२० च्या दशकापासून सुमारे ३० वर्षं त्याचा अभ्यास केला. पुढे तो स्मरणशक्तीचे जाहीर प्रयोग करू लागला, तेव्हा अडचण झाली. आधीच्या खेळातले आकडे पुढच्या खेळात आड येऊ लागले.

त्याने विसरण्याचे उपाय शोधले. नको असलेलं कागदावर लिहून काढलं. मग तो कागद जाळला. तरी राखेवर त्याला आकडे दिसतच राहिले.

एकोंच्या युक्तिवादाचं याहून नेमकं उदाहरण सापडणं कठीण. ‘हे पुसायचं आहे’ अशी खूण केली, की तीच खूण आठवण करून देते.

२००० मध्ये जिल प्राइस या अमेरिकन महिलेने कॅलिफोर्नियातले स्मृतितज्ज्ञ जेम्स मॅकगॉ यांना पत्र लिहिलं. लहानपणापासूनची जवळजवळ प्रत्येक तारीख, त्या दिवशी काय घडलं हे तिला आठवत होतं. लोकांना ही देणगी वाटायची. तिला मात्र ते ओझं वाटत होतं, कारण वाईट दिवससुद्धा तितक्याच ताजेपणाने परत यायचे.

आपल्या कथांमध्ये विस्मरण कसं येतं?

आपल्याकडच्या कथांमध्ये विस्मरण बहुतेक वेळा शाप म्हणून येतं.

महाभारतात कर्ण आपली ओळख लपवून परशुरामांकडे शिकतो. सत्य कळल्यावर गुरू शाप देतात, की ऐन गरजेच्या वेळी तुला ही विद्या आठवणार नाही. एका अर्थाने कर्णाच्या गुरुकुलातला शेवटचा धडा विस्मरणाचा होता.

कालिदासाच्या नाटकात दुर्वासांच्या शापामुळे दुष्यंत शकुंतलेला विसरतो आणि अंगठी पाहिल्यावर त्याला सगळं आठवतं. रामायणात हनुमानाला स्वतःच्या शक्तीचा विसर पडलेला असतो. समुद्रकिनारी जांबवंत आठवण करून देतो आणि मग उड्डाण होतं.

शेवटच्या दोन कथांमध्ये एक गोष्ट समान आहे. आठवण नष्ट झालेली नाही. ती आतच आहे, फक्त दार बंद आहे, आणि किल्ली एक अंगठी किंवा एक माणूस आहे.

मानसशास्त्रज्ञ एंडेल टुल्विंग यांनी १९६० च्या दशकात प्रयोगांतून जवळपास हेच मांडलं. लोकांना शब्दांची लांबलचक यादी दिली. नुसतं ‘आठवा’ म्हटल्यावर जे शब्द सुचले नाहीत, त्यातले बरेचसे ‘यात काही फळं होती’ असा इशारा दिल्यावर सुचले. आठवण असणं आणि ती हाती लागणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आपण ज्याला ‘विसरलो’ म्हणतो, त्यातलं बरंचसं आत असूनही सापडत नसतं.

मेंदू मुद्दाम विसरतो का?

हा या विषयातला अलीकडचा आणि सगळ्यात रंजक भाग. विस्मरण म्हणजे स्मृतीचं अपयश, असं अनेक वर्षं मानलं जात होतं. गेल्या दीड-दोन दशकांत हे चित्र बदललं आहे.

फळमाश्यांवरच्या प्रयोगांत दिसलं, की माशी एखादा वास शिकल्यानंतर डोपामिन सोडणाऱ्या काही चेतापेशी ती आठवण सक्रियपणे पुसत राहतात. त्या पेशी शांत केल्या, तर आठवण जास्त काळ टिकते. म्हणजे विसरण्यासाठी मेंदूत वेगळी यंत्रणा चालू असते.

टोरंटोतले संशोधक पॉल फ्रँकलंड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१४ मध्ये उंदरांवरचं संशोधन मांडलं. हिप्पोकॅम्पस हा मेंदूचा भाग आठवणी तयार करण्यात महत्त्वाचा असतो. पिल्लांमध्ये तिथे नव्या चेतापेशी भराभर तयार होतात. त्या जोडल्या जाताना जुनी मांडणी विस्कटते आणि आठवणी हरवतात. आपल्याला वयाच्या पहिल्या दोन-तीन वर्षांतलं जवळजवळ काहीच का आठवत नाही, याचं हे एक संभाव्य उत्तर आहे.

२०१७ मध्ये ब्लेक रिचर्ड्स आणि फ्रँकलंड यांनी आणखी एक मांडणी केली. भूतकाळ जसाच्या तसा साठवणं हा स्मृतीचा उद्देश नाही. पुढचा निर्णय नीट घेता यावा, हा आहे. त्यासाठी जुनी, चुकीची, बिनकामाची माहिती जाणं गरजेचं असतं. दुकान दुसऱ्या गल्लीत गेलं असेल, तर जुनी गल्ली विसरलेलीच बरी.

ठरवून विसरता येतं का?

आता अकादमीच्या प्रवेशद्वारावरचा मूळ प्रश्न. याची उत्तरं थोडी गुंतागुंतीची आहेत.

पहिलं उत्तर निराशाजनक आहे. १९८७ मध्ये डॅनियल वेग्नर यांनी लोकांना पाच मिनिटं पांढऱ्या अस्वलाचा विचार करू नका, असं सांगितलं. विचार आलाच तर घंटा वाजवायची. घंटा वाजत राहिली. आणि नंतर जेव्हा अस्वलाचा विचार करायची मोकळीक दिली, तेव्हा या लोकांनी इतरांपेक्षा जास्त वेळा तो केला. दाबलेला विचार जोर करून वर येतो.

दुसरं उत्तर थोडी आशा देतं. २००१ मध्ये मायकेल अँडरसन आणि कॉलिन ग्रीन यांनी लोकांना शब्दांच्या जोड्या शिकवल्या. मग जोडीतला पहिला शब्द दाखवून दुसरा मनात येऊ द्यायचा नाही, असा सराव अनेकदा करून घेतला. नंतर तो दुसरा शब्द आठवायला सांगितलं, तर तो खरंच थोडा कमी आठवला. परिणाम लहान होता, पण होता. विचार दाबणं आणि आठवण हाती येताना ती थांबवणं यात फरक आहे, असं त्यातून दिसतं.

तिसरं उत्तर प्रयोगशाळेतल्या उंदरांचं. २००० मध्ये करीम नादेर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवलं, की भीतीची पक्की झालेली आठवण पुन्हा जागी केली की ती काही काळ कच्ची होते आणि परत पक्की व्हावी लागते. त्या वेळात मेंदूमधली प्रथिनांची निर्मिती रोखली, तर नंतर भीती दिसत नाही. यावरून माणसांसाठी औषध शोधायचे प्रयत्न झाले. प्रोप्रॅनोलॉल या रक्तदाबासाठी वापरल्या जाणाऱ्या औषधावर अभ्यास झाले, पण त्यांचे निष्कर्ष एकमेकांशी जुळत नाहीत. ‘इटर्नल सनशाइन ऑफ द स्पॉटलेस माइंड’ या २००४ च्या चित्रपटात दाखवलंय तसं दवाखान्यात जाऊन जुनं प्रेम पुसून घेणं आज शक्य नाही.

मग नकोशा आठवणींवर उपचार कसे होतात?

पुसून नाही, तर शेजारी नवं लिहून.

भीतीवरच्या उपचारांत माणसाला सुरक्षित जागी, तज्ज्ञाच्या सोबतीने, हळूहळू त्या आठवणीला किंवा त्या प्रसंगाला सामोरं नेलं जातं. काही काळाने घाबरणं कमी होतं. पण जुनी भीती नाहीशी होत नाही. इव्हान पावलोव्ह यांनी आपल्या कुत्र्यांवरच्या प्रयोगात पाहिलं होतं, की घंटेनंतर अन्न देणं बंद केल्यावर लाळ गळणं थांबतं, पण थोड्या विश्रांतीनंतर घंटा वाजली की ते अंशतः परत येतं. जुना धडा तिथेच असतो. त्याच्यावर ‘आता धोका नाही’ असा नवा धडा शिकलेला असतो.

म्हणूनच एखाद्या दुखावलेल्या माणसाला ‘विसरून जा’ म्हणणं हा निरुपयोगी सल्ला आहे. त्यात विसरायची गोष्ट पुन्हा समोर ठेवली जाते, आणि विसरता आलं नाही याचा दोषही त्याच्याच माथी येतो. नवे अनुभव, नवी माणसं, नवी कामं हा जास्त प्रामाणिक मार्ग. आठवण आयुष्यातून जात नाही. ती आयुष्याची एकमेव गोष्ट राहत नाही, इतकंच.

दुसऱ्याच्या आठवणी पुसायचा अधिकार कुणाला?

अशी अकादमी असती, तर सगळ्यात कडक नियम इथे लागले असते.

हॅरी पॉटरच्या जादुई शाळेत गिल्डरॉय लॉकहार्ट नावाचे एक शिक्षक येतात. त्यांना नीट जमणारी जादू एकच, आठवण पुसण्याची. दुसऱ्यांनी केलेले पराक्रम त्यांच्याकडून ऐकायचे, मग त्यांची आठवण पुसायची आणि तो पराक्रम आपल्या नावावर पुस्तकात छापायचा. शेवटी तीच जादू मोडक्या छडीतून उलटते आणि लॉकहार्ट स्वतःलाच विसरतात. लहान मुलांच्या कादंबरीतली ही गोष्ट मोठ्यांसाठी आहे. दुसऱ्याची आठवण पुसणं ही चोरी आहे.

जपानी लेखिका योको ओगावा यांच्या १९९४ च्या ‘द मेमरी पोलिस’ या कादंबरीत एका बेटावरून एकेक वस्तू नाहीशी होते आणि लोक ती विसरतात. ज्यांना विसरता येत नाही, त्यांना पोलीस धरून नेतात.

इतिहासातही हे घडलं आहे. इसवी सनापूर्वी ४०३ मध्ये अथेन्समधलं गृहयुद्ध संपलं, तेव्हा नागरिकांनी मागचे अपराध उकरून न काढण्याची शपथ घेतली. इंग्रजीत सामूहिक माफीला जो शब्द आहे, त्याचं मूळ ‘विस्मरण’ या अर्थाच्या ग्रीक शब्दात आहे. स्पेनमध्ये हुकूमशहा फ्रँको यांच्या मृत्यूनंतर १९७७ मध्ये माफीचा कायदा झाला. लोकशाही शांतपणे यावी म्हणून मागचं बोलायचं नाही, या समजुतीला ‘विस्मरणाचा करार’ असं नाव पडलं. पण ज्यांच्या घरातली माणसं सामूहिक कबरींमध्ये होती, त्यांना विसरणं शक्य नव्हतं. २००७ मध्ये स्पेनला ऐतिहासिक स्मृतीसाठी वेगळा कायदा करावा लागला.

ज्याच्यावर अन्याय झाला त्याने विसरायचं ठरवलं, तर तो त्याचा निर्णय असतो. ज्याने अन्याय केला त्याने ‘विसरा आता’ म्हटलं, तर त्याचा अर्थ वेगळा होतो.

इंटरनेटला विसरायला कसं शिकवायचं?

पूर्वी माणूस आपोआप विसरायचा, लक्षात ठेवायला कष्ट पडायचे. आता यंत्रं आपोआप लक्षात ठेवतात, आणि पुसायला कष्ट पडतात.

१९९८ मध्ये स्पेनमधल्या एका वर्तमानपत्रात मारियो कोस्तेखा गोन्झालेस यांच्या मालमत्तेच्या लिलावाची सूचना छापून आली. कर्ज केव्हाच फिटलं, पण अनेक वर्षांनंतरही गुगलवर नाव टाकलं की तीच सूचना समोर यायची. प्रकरण युरोपच्या न्यायालयात गेलं. १३ मे २०१४ रोजी न्यायालयाने सांगितलं, की कालबाह्य किंवा गैरलागू माहितीचे दुवे नावाच्या शोधातून काढून टाकण्याची मागणी माणूस सर्च इंजिनकडे करू शकतो. ‘विसरलं जाण्याचा हक्क’ या नावाने हा निकाल ओळखला जातो.

यातला विरोधाभास असा, की जी गोष्ट विसरली जावी म्हणून ते लढले, तीच आता जगभरच्या कायद्याच्या पुस्तकांत आहे. शेरेशेव्हस्कीने जाळलेल्या कागदासारखंच हे झालं.

भारतात सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये गोपनीयता हा मूलभूत हक्क मानला. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यात आपली माहिती दुरुस्त करून घेण्याची आणि पुसून घेण्याची तरतूद आहे. पण एखाद्याचा पुसण्याचा हक्क आणि समाजाचा माहितीचा हक्क यांची टक्कर होतेच. निर्दोष सुटलेल्या माणसाला जुनी बातमी छळत असेल, तर त्याची मागणी समजण्यासारखी आहे. घोटाळा केलेल्या नेत्याने तीच मागणी केली, तर?

आणि विसरणं हा आजार असेल तेव्हा?

विस्मरणाचं कौतुक करताना ही बाजू सोडून चालणार नाही. जागतिक आरोग्य संघटनेनुसार २०२१ मध्ये जगात ५ कोटी ७० लाख लोक डिमेन्शियासह जगत होते. अल्झायमर हे त्याचं सगळ्यात जास्त आढळणारं कारण.

चावी कुठे ठेवली ते विसरणं हे रोजचं विस्मरण. चावी कशासाठी असते हेच कळेनासं होणं, ओळखीच्या रस्त्यावर हरवणं, तोच प्रश्न दर काही मिनिटांनी विचारणं, ही डॉक्टरांकडे जाण्याची लक्षणं. ‘वय झालं की असं होतंच’ म्हणून ती टाळू नयेत.

सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या ‘अस्तु’ या २०१३ च्या मराठी चित्रपटात मोहन आगाशे यांनी अल्झायमर झालेले संस्कृतचे निवृत्त प्राध्यापक साकारले आहेत. आयुष्यभर शब्दांत राहिलेला माणूस रस्त्यावरच्या हत्तीमागे निघून जातो. प्रश्न असा उरतो, की आठवणी गेल्यावर माणूस तोच राहतो का?

याचं एक उत्तर हेन्री मोलेझन यांच्या आयुष्यात आहे. १९५३ मध्ये अपस्मारावर उपाय म्हणून त्यांच्या मेंदूचा काही भाग काढला गेला. त्यानंतर त्यांना नव्या घटना लक्षात राहणं जवळजवळ थांबलं. ‘गजिनी’च्या नायकासारखी ही अवस्था, पण सूडकथेशिवाय. मानसशास्त्रज्ञ ब्रेंडा मिल्नर यांनी त्यांना आरशात पाहून तारा काढायला शिकवलं. दर दिवशी त्यांना वाटायचं, की हे आपण पहिल्यांदाच करतोय. पण हात मात्र दर दिवशी सुधारत गेला. मिल्नर यांना अनेक वर्षं भेटूनही त्यांना त्या नेहमी नवख्याच वाटायच्या, तरी २००८ मध्ये मृत्यू होईपर्यंत ते संशोधकांना सहकार्य करत राहिले. विज्ञानाला स्मृतीबद्दल जे कळलं, त्यातलं कितीतरी या एका माणसामुळे कळलं.

तर, प्रवेश घ्यायचा का?

विस्मरणाची अकादमी असती, तर तिने पहिल्याच दिवशी विद्यार्थ्यांना खरं सांगितलं असतं, की इथे काहीही पुसून मिळत नाही. मेंदूला विसरायचं काम येतं आणि तो ते रोज करतो, पण आपल्या हुकमाने नाही.

शिकता येतील अशा गोष्टी वेगळ्या आहेत. न आठवलेल्या गोष्टीसाठी स्वतःला मूर्ख ठरवू नये. नकोशा आठवणीशी झटापट करण्यापेक्षा तिच्याशेजारी नवं काही उभं करावं. घरात कुणी खरंच विसरू लागलं, तर चिडण्याऐवजी त्यांची अंगठी, त्यांचा जांबवंत शोधावा, म्हणजे एखादं गाणं, वास, जुना फोटो. आणि कुणी आपल्याला ‘विसरा’ म्हणालं, तर ते कोण म्हणतंय आणि कशासाठी, हे मात्र विसरू नये.